किंग्ज कॉलेजचा सूर सांभाळणारे डेव्हिड विलकॉक्स

नाताळ जवळ आला की मी केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजच्या गायकवृंदाची जुनी ध्वनिमुद्रणे ऐकायला काढतो, आणि त्यांतही डेव्हिड विलकॉक्स यांच्या काळातली आधी. १९५७ ते १९७४ या काळात ते तिथे संगीत-संचालक होते.

त्यांचा जन्म १९१९चा, कॉर्नवॉलमधल्या न्यूकी गावचा. लहानपणी ते लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबी या चर्चमध्ये गायले, पुढे किंग्जमध्ये ऑर्गनची शिष्यवृत्ती मिळाली आणि तेवढ्यात दुसरे महायुद्ध आले. १९४४ साली नॉर्मंडीत ‘हिल ११२’च्या लढाईतील कामगिरीबद्दल त्यांना मिलिटरी क्रॉस हे ब्रिटिश शौर्यपदक मिळाले. युद्धानंतर सॅलिस्बरी आणि वूस्टरच्या कॅथीड्रलांत ऑर्गनवादक म्हणून काम करून ते किंग्जला परतले.

तिथले काम किती अवघड होते, हे त्या वास्तूचा विचार केल्याशिवाय कळत नाही. चॅपलच्या, म्हणजे कॉलेजच्या प्रार्थनामंदिराच्या, उंच दगडी छताखाली उमटलेला स्वर कित्येक सेकंद रेंगाळतो. त्यामुळे किंचित उतरलेला सूर तिथे विरून जात नाही, तो पुढच्या स्वरांत मिसळून सगळेच गढूळ करतो, आणि व्यंजने एकाच क्षणी उच्चारली गेली नाहीत तर शब्द हरवतात. शिवाय हा वृंद कधीच स्थिर नसतो. सोळा मुलांपैकी काहींचे आवाज दरवर्षी फुटतात, पुरुषी आवाजांत गाणारे विद्यार्थी पदवी घेऊन निघून जातात, आणि संचालकाला तोच सूर नव्या गळ्यांतून पुन्हा घडवावा लागतो. विलकॉक्स यांनी ते सतरा वर्षे केले, आणि माझ्या दृष्टीने त्यांची खरी थोरवी यातच आहे. १९६३ साली ध्वनिमुद्रित झालेल्या आलेग्री या संगीतकाराच्या ‘मिझेरेरे’ या प्रार्थनागीतामध्ये रॉय गुडमन या मुलाचा आवाज जराही न थरथरता वरच्या ‘सी’ या अतिउंच स्वरापर्यंत चढतो, तेव्हा त्यामागची तालीम मला जाणवते.

१९६० ते १९९८ त्यांनी लंडनच्या बाख कॉयर या गायकवृंदाचेही नेतृत्व केले. तिथे गाणारे प्रौढ होते आणि हौशी होते, म्हणजे कामाची जातच वेगळी. संगीतकार बेंजामिन ब्रिटन यांनी स्वतः संचालन केलेल्या त्यांच्याच ‘वॉर रेक्विएम’ या रचनेच्या १९६३च्या ध्वनिमुद्रणात हाच वृंद गायला. १९७४ पासून दहा वर्षे ते रॉयल कॉलेज ऑफ म्युझिकचे संचालकही होते.

सर्वसामान्य श्रोत्यांपर्यंत मात्र ते पोहोचले कॅरोलांमुळे, म्हणजे नाताळच्या गाण्यांमुळे. रेजिनाल्ड जॅक्स यांच्यासह १९६१ साली त्यांनी ‘कॅरोल्स फॉर कॉयर्स’ हे पुस्तक संपादित केले. ‘ओ कम, ऑल ये फेथफुल’ या कॅरोलच्या त्यांच्या मांडणीत शेवटच्या कडव्यात सगळे एकाच सुरात गात असतात, तेवढ्यात ‘वर्ड’ या शब्दाखाली ऑर्गन एक अनपेक्षित, विसंवादी स्वरमेळ ठेवतो. इतकी वर्षे ऐकूनही त्या जागी माझा श्वास अडकतो.