रिपोर्ट नॉर्मल आला म्हणून गोळी बंद?

आज मामांकडे गेले होते. गोळ्यांच्या डबीत रात्रीचे कप्पे भरलेलेच. "अगं, कोलेस्टेरॉल नॉर्मल आलंय, आता कशाला?" मागच्या वर्षी स्टेंट (धमनी उघडी ठेवणारी बारीक जाळी) बसवलेला माणूस हे म्हणतोय! जीव खालीवर झाला माझा.

मामा, रिपोर्ट नॉर्मल आलाय तो गोळीमुळेच. बरंचसं कोलेस्टेरॉल खाण्यातून येतच नाही, आपलं शरीरच ते बनवतं. तुमची ही गोळी, अटोरवास्टॅटिन, यकृतातलं त्यासाठी लागणारं एक एन्झाइम अडवतं. मग यकृत आपली गरज भागवायला रक्तातलं एलडीएल, म्हणजे 'वाईट' कोलेस्टेरॉल, ओढून घेतं. गोळी थांबली की काही आठवड्यांत आकडा पुन्हा वर. आणि स्टेंटनंतर ती नुसत्या आकड्यासाठी नसतेच. धमनीतला चरबीचा थर फुटून गुठळी होऊ नये, यासाठीही असते. (अशा गोळ्यांना स्टॅटिन म्हणतात. पहिलं स्टॅटिन जपानच्या अकिरा एंडोंनी १९७०च्या दशकात एका बुरशीतून शोधलं. केवढे उपकार त्यांचे!)

मामांची खरी भीती नंतर कळली. हीच गोळी घेऊन शेजारच्या काकांचे पाय दुखायचे म्हणे. काहींना त्रास होतो, खरंय. पण डॉक्टर डोस कमी करतात, गोळी बदलतात. फार दुखलं, अशक्तपणा आला, लघवी गडद तपकिरी झाली, तर मात्र त्याच दिवशी डॉक्टर गाठायचे. दुसऱ्या डॉक्टरांनी क्लॅरिथ्रोमायसिनसारखं अँटिबायोटिक दिलं, तर ही गोळी चालू आहे हे आधी सांगायचं. गरोदर असाल किंवा तसा विचार असेल, तरीही.

तिथूनच मामांच्या डॉक्टरांना फोन लावला. आज रात्रीपासून नेहमीचा डोस सुरू. राहिलेल्या भरून काढायला दोन एकदम घ्यायच्या नाहीत, हे त्यांनी मामांना दोनदा बजावलं.