कास्तोलोला विकायचं नाही

रविवार, रात्र

दुपारी लॅपटॉपवर ‘प्रो इव्होल्यूशन सॉकर ६’ टाकला आणि संध्याकाळ कधी झाली कळलंच नाही. कोनामी कंपनीचा हा फुटबॉल गेम २००६ चा. प्रेक्षक पुठ्ठ्यातून कापल्यासारखे दिसतात, पण चेंडूला वजन आहे! पास जोरात गेला तर घेणाऱ्याच्या पायावरून उसळतो, त्याला एक पाऊल जास्त टाकावं लागतं आणि तेवढ्यात डिफेंडर अंगावर येतो.

क्लबांची खरी नावं वापरायच्या परवान्यांच्या बाबतीत मात्र सगळी ओढाताण. इंग्लंडमधून फक्त आर्सेनल आणि मँचेस्टर युनायटेड खऱ्या नावानं. चेल्सी म्हणजे ‘लंडन एफसी’, लिव्हरपूल म्हणजे ‘मर्सीसाइड रेड’. जर्मनीतून एकटं बायर्न म्युनिक. हॉस्टेलवर कुणीतरी पेनड्राइव्हवर खरी नावं घालणारी फाइल, म्हणजे पॅच, आणायचं, नाहीतर आम्ही एडिट मोडमध्ये बसून एकेक नाव टाइप करायचो. कुठल्या क्लबचा लेफ्ट बॅक कोण, हे मला त्यातून पाठ झालं.

पण जीव जडला तो मास्टर लीगवर, म्हणजे एक क्लब घेऊन हंगामामागून हंगाम चालवायचा त्या प्रकारावर. तिथे सुरुवातीला हाती येतात ते कधी जन्मालाच न आलेले खेळाडू: गोलमध्ये इवारोव, मधे मिनांडा, पुढे कास्तोलो. दुसऱ्या डिव्हिजनपासून सुरुवात, आणि हंगामाच्या शेवटी खेळाडूंचे पगार भागवायला पॉइंट (तिथले पैसेच ते) कमी पडले की खेळ खलास. त्यामुळे सगळी भिस्त कास्तोलोवर. त्याच्या गोलला आम्ही जेवढे ओरडलो, तेवढे खऱ्या मॅचलाही ओरडलो नसू.

मॅचआधी प्रत्येक खेळाडूपुढे बाण यायचा. लाल, सरळ वर: आज गडी फॉर्मात. खाली वळलेला: आज त्याच्याकडून फार अपेक्षा नको. इंटरच्या आड्रियानोच्या फटक्याची ताकद ९९. पण बाण खाली असेल तर त्याला बाकावर बसवायचं का? यावर आमच्या खोलीत मेसची वेळ टळेपर्यंत वाद चालायचे. मी बसवायचो, आजही बसवेन. नाव बघून टीम लावायची नाही, आजचा गडी बघून लावायची, हे मला तिथेच पटलं.

आणि एका कीबोर्डवर दोघं! कीबोर्ड एका वेळी मोजकीच बटणं ओळखायचा, त्यामुळे समोरच्यानं दोन-तीन बटणं धरून ठेवली की आपला शॉट लागायचाच नाही. म्हणून पेनल्टीच्या वेळी गोलकीपरवाल्यानं एकच बोट ठेवायचं, असा आमचा नियम होता. तो सगळे पाळायचे.

आज नवीन मास्टर लीग सुरू केली. पॉइंट कितीही कमी पडोत, कास्तोलोला विकणार नाही.