पावसाळ्यातही वाळेल असं कापडी पॅड : माझा अनुभव

कापडी पॅड कसं शिवायचं याची माहिती हवी तितकी मिळते. मात्र कोकणातल्या दमट हवेत किंवा मुंबईच्या जुलैमध्ये ते वाळवायचं कसं, यावर फारसं कुणी बोलत नाही. माझ्या मते कापड सोडून पुन्हा विकतच्या पॅडकडे वळण्याचं मुख्य कारण तेच असतं. सहा-आठ थर एकत्र शिवलेलं जाड पॅड बाहेरून कोरडं लागतं, आत ओलंच राहतं, आणि चौथ्या-पाचव्या वापरापासून कुबट वास यायला लागतो. म्हणून मी वाळण्याचा विचार आधी केला आणि शिवण त्यानुसार बेतली.

माझ्या पॅडचे दोन सुटे भाग आहेत. खाली पंख असलेली, टिचबटणाची तळपट्टी. तिच्यावर चौकोनी कापडाची घडी, आपल्या आज्या वापरायच्या तशीच, फक्त मापात शिवलेली. घडी उलगडली की एकेरी कापड होतं, त्यामुळे आत ओल राहायला जागाच उरत नाही. शिवाय चौकड्याचं किंवा बारीक फुलांचं कापड घेतलं तर दोरीवर ती हातरुमालासारखी दिसते. धुवून दुसऱ्या कपड्याखाली झाकून वाळत घालायची सवय ज्या घरांत आहे, तिथे ही गोष्ट लहान नाही. झाकलेल्या कापडाला ना ऊन लागतं ना वारा, आणि बुरशीचे काळे ठिपके पडतात ते त्यामुळेच.

घडीसाठी सुती फ्लॅनेल घ्यावं. दुकानदार 'मिक्स' कापडही फ्लॅनेल म्हणून विकतात, त्यामुळे एक धागा काढून जाळून पाहावा. सुती धागा जळलेल्या कागदासारखा वास देतो आणि त्याची राख मऊ होते; कृत्रिम धागा वितळून त्याची कडक गोळी होते. ३६ इंच पन्ह्याच्या दीड मीटर कापडात पंधरा घड्या बसतात. बेतण्याआधी कापड गरम पाण्यात दोनदा धुवून वाळवावं. फ्लॅनेल बरंच आटतं, शिवाय नव्या कापडाला खळ असते आणि खळ असेपर्यंत ते नीट शोषत नाही. पाण्याचा थेंब टाकून पाहावा. तो मोत्यासारखा वर राहिला तर अजून एक धुणं बाकी आहे.

घडीचा चौकोन २७ सेंटिमीटरचा कापायचा आणि चारही कडा दुमडून टीप मारायची. तयार चौकोन साधारण २५ सेंटिमीटरचा होतो. तो दोनदा लांबीत दुमडला की सव्वासहा सेंटिमीटर रुंदीची, चार थरांची घडी मिळते. एका पूर्ण पाळीत साधारण ३० ते ८० मिलिलिटर रक्त जातं, म्हणजे नेहमीच्या दिवशी एका वेळी एक घडी पुरते. जास्त जाणाऱ्या दिवशी आणि रात्री एकावर एक दोन घ्याव्यात, रात्रीची दुसरी थोडी मागे सरकवून. घड्यांना दोरा सुतीच वापरावा; त्याचं कारण शेवटी येईल.

तळपट्टी शिवायला जरा वेळ लागतो. तयार माप असं : लांबी २७ सेंटिमीटर (रात्रीसाठी ३२), टोकांकडे रुंदी ८, आणि मध्यभागी एका पंखाच्या टोकापासून दुसऱ्यापर्यंत १७. कापताना सगळीकडे ७ मिलिमीटर शिलाईसाठी सोडायचे. वरचा थर फ्लॅनेलचा, खालचा जाड सुती, खादी किंवा ड्रिल चालतं. सुलट बाजू आत ठेवून टीप मारायची, उलटवायला सात सेंटिमीटरची फट ठेवायची. ही फट सरळ बाजूलाच हवी, वळणावर ठेवली की तिथला आकार बिघडतो. वळणांवर कात्रीने बारीक काप दिले नाहीत तर उलटवल्यावर कापड गोळा होतं. मग काठावरून पुन्हा एक टीप मारायची, नाहीतर प्रत्येक धुण्यानंतर कडा गुंडाळतात. दोन्ही टोकांपासून चार सेंटिमीटर आत एकेक आडवी पट्टी फक्त बाजूंना शिवायची. घडीची टोकं तिच्याखाली सरकवली की ती हलत नाही. इथे इलास्टिक नको. उकळलं की ते सैल पडतं.

टिचबटणाचं अंतर हा सगळ्यात नाजूक भाग. निकरच्या मधल्या पट्टीची रुंदी आधी मोजावी. दोन बटणांमधलं अंतर त्याच्या दुप्पट हवं. पट्टी ७ सेंटिमीटर असेल तर अंतर १४, म्हणजे प्रत्येक पंखाच्या टोकापासून दीड सेंटिमीटर आत बटण येतं. अंतर जास्त झालं तर पॅड मागे सरकतं, कमी झालं तर मध्ये चुरगळून कडेने डाग लागतो. एका पंखावर दीड सेंटिमीटर आत आणखी एक बटण दिलं तर अरुंद निकरलाही चालतं. लोखंडी बटणं गंजतात आणि गंजाचा डाग रक्ताच्या डागापेक्षा चिवट असतो, म्हणून प्लास्टिकची घ्यावीत.

पाणी न झिरपणारं लॅमिनेटचं अस्तर मी फक्त रात्रीच्या तळपट्टीत घालते. ते घातलं की हवा कमी खेळते आणि वाळायला वेळ लागतो. घालायचंच तर मधून टीप मारू नये, टाचण्याही लावू नयेत. सुईच्या प्रत्येक भोकातून ओल खाली येते. टाचणीऐवजी कपड्यांचे चिमटे लावावेत. त्यावर इस्त्री अजिबात नको.

रंगाबद्दल माझं मत ठाम आहे : तळपट्टी गडद, घडी फिकट. गडद घडीवर डाग दिसत नाहीत हे खरं, पण रक्त पूर्ण निघालं की नाही तेही दिसत नाही.

वापरताना चार ते सहा तासांनी घडी बदलायची, कमी जात असलं तरीही. धुण्याचा पहिला नियम गार पाण्याचा. गरम पाण्याने रक्तातली प्रथिनं गोठून धाग्याला धरतात. घडी उलगडून अर्धा तास भिजवायची आणि नळाखाली पाणी स्वच्छ येईपर्यंत चुबकायची, साबण त्यानंतर. रात्रभर भिजत ठेवली तर पाण्यात जंतू वाढून वास बसतो. बोअरच्या जड पाण्यात वडीच्या साबणाचा चिकट थर कापडावर साचतो. कापड कडक होतं, शोषण कमी होतं, मांडीला खाज सुटते. तिथे डिटर्जंटची पावडर थोडीच वापरावी आणि फेस संपेपर्यंत खळबळावं. कपडे मऊ करणारं द्रव्य तर नकोच, ते धाग्यावर पातळ थर चढवतं. जुना डाग राहिलाच तर औषधाच्या दुकानातलं ३ टक्क्यांचं हायड्रोजन पेरॉक्साइड थेंबभर टाकावं. फेस येतो आणि डाग सुटतो, पण रंगही उतरू शकतो, म्हणून आधी कोपऱ्यावर पाहावं. पाळी संपल्यावर धुतलेल्या घड्या एकदा दहा मिनिटं उकळाव्यात. वास येऊ लागला असेल तर त्याच पाण्यात चमचाभर धुण्याचा सोडा टाकावा.

ऊन असेल तर ऊनच. पावसात पंख्याखाली, दोन घड्यांमध्ये अंतर ठेवून वाळत घालायच्या आणि शेवटी गरम इस्त्री फिरवायची. इस्त्री करताना वाफ येत असेल तर कापड अजून ओलं आहे. पुरतं वाळल्याशिवाय घडी करून कपाटात ठेवू नये. बाहेर असताना वापरलेली घडी आतल्या बाजूने गुंडाळून झिरपबंद पिशवीत ठेवावी आणि घरी आल्या आल्या काढावी.

शिवायला वेळ नसेल तर तयार पॅड घेताना नुसतं 'इको' हे लेबल बघून फसू नका : कापड सुती आहे का, पॅड उलगडतं का आणि धुण्याच्या सूचना दिल्या आहेत का ते पाहा. पुदुच्चेरीजवळच्या ऑरोव्हिलची इको फेम ही संस्था कापडी पॅड बनवते, तर 'सौख्यम्' नावाच्या पॅडमध्ये केळीच्या धाग्याचा थर असतो. खाज, पुरळ किंवा घाण वासाचा स्राव असेल, किंवा तासा-तासाला घडी पूर्ण भिजत असेल, तर कापड बदलत बसू नये, डॉक्टरांकडे जावं.

विकतच्या पॅडमध्ये प्लास्टिक असतं आणि ते वेगळं काढण्याचं काम कुणाच्या तरी हातांना करावं लागतं. २०१३ साली पुण्यातल्या कचरावेचकांच्या 'स्वच्छ' संस्थेने वापरलेल्या पॅडच्या पिशव्या थेट कंपन्यांना पाठवल्या होत्या, त्या याच कारणाने. घडी उजेडासमोर धरल्यावर आरपार दिसू लागली की ती संपली. सुती दोऱ्याने शिवलेली असेल तर तुकडे करून कुंडीच्या मातीत किंवा खतात जाते. पॉलिस्टर दोरा मात्र तसाच उरतो. तळपट्टीची बटणं आणि अस्तर कापून सुक्या कचऱ्यात द्यायचं, उरलेलं कापड खताला.