दोन किमती शोधताना पहिली ओळ नीट लिहा

‘३ वह्या आणि ५ पेनांची एकूण किंमत १६५ रुपये. ४ वह्या आणि ३ पेनांची १७६ रुपये. तर प्रत्येकाची किंमत किती?’

अशा शाब्दिक उदाहरणात मुलं अडतात ती बहुधा आकडेमोडीच्या आधीच. वहीत पहिली ओळ असते ‘क्ष = वही, य = पेन’, आणि घोळ तिथूनच सुरू होतो. क्ष ही वस्तू नाही, संख्या आहे. म्हणून ओळ पूर्ण लिहा: एका वहीची किंमत क्ष रुपये मानू, एका पेनाची किंमत य रुपये मानू. यातला ‘एका’ आणि ‘रुपये’ हे दोन्ही शब्द गाळायचे नाहीत. ‘एका’ गाळला की पुढे ३क्ष म्हणजे ‘तीन वह्या’ असं वाचलं जातं. खरं तर ती तीन वह्यांची किंमत आहे. आणि एक रक्कम पैशांत, दुसरी रुपयांत दिली असेल, तर ‘रुपये’ हा शब्दच आपल्याला सावध करतो.

आता समीकरणं:

३क्ष + ५य = १६५ …(१)
४क्ष + ३य = १७६ …(२)

कोणत्या चलाचा लोप करायचा? क्षचे सहगुणक ३ आणि ४, त्यांचा लसावि १२. यचे ५ आणि ३, लसावि १५. लहान लसावि निवडला की आकडे आटोक्यात राहतात. (१) ला ४ ने आणि (२) ला ३ ने गुणलं की १२क्ष + २०य = ६६० आणि १२क्ष + ९य = ५२८ मिळतं. वजाबाकी केली की ११य = १३२, म्हणून य = १२. ही किंमत (१) मध्ये ठेवू: ३क्ष = १६५ − ६० = १०५, क्ष = ३५.

सगळ्यात जास्त होणारी चूक म्हणजे गुणताना उजवी बाजू विसरणं. (१) मध्ये १६५ तसेच राहिले, तर ११य = १६५ − ५२८ = −३६३ आणि य = −३३ येतं. भागाकार पूर्ण जातो, त्यामुळे उत्तर बरोबर वाटतं; पण पेनाची किंमत ऋण कशी असेल? तिथेच थांबायचं आणि मागे जायचं.

ताळ्याचंही असंच. य ची किंमत (१) मध्ये ठेवून क्ष काढला आणि ताळाही (१) मध्येच घेतला, तर तो नेहमी जुळतो, य चुकलेला असला तरी! वर य = ४४ असं चुकून आलं असतं, तरी क्ष = −५५/३ घेऊन (१) बिनतक्रार जुळलं असतं. ताळा दुसऱ्या समीकरणात घ्या: ४ × ३५ + ३ × १२ = १४० + ३६ = १७६. त्याहून चांगलं म्हणजे प्रश्नातलं मूळ वाक्य वाचून घ्या, कारण समीकरणच चुकीचं मांडलं असेल तर ते फक्त तिथेच कळतं.

कधी दुसरी बेरीज न देता तुलना दिलेली असते: ‘वहीची किंमत पेनाच्या किमतीच्या तिपटीपेक्षा १ रुपयाने कमी आहे.’ इथे घाईत ३क्ष − १ = य लिहिलं जातं, कारण ‘वही’ आधी येते आणि ‘तिप्पट’ तिलाच चिकटवली जाते. वाक्य तोडून वाचा. कोणाची किंमत? वहीची: क्ष. कशाच्या तिप्पट? पेनाच्या: ३य. त्यातून १ कमी: ३य − १. ‘आहे’ म्हणजे बरोबरचं चिन्ह. म्हणून क्ष = ३य − १. हे (१) मध्ये ठेवताना कंस सोडू नका: ३(३य − १) + ५य = १६५, म्हणजे १४य = १६८. कंस नसला की −३ ऐवजी −१ राहतो, १४य = १६६ होतं आणि अपूर्णांक हाती येतो.

दोन ओळींत सहगुणकांची नुसती अदलाबदल झालेली असेल तर लसाविच्या वाटेला जायलाच नको. महावीराचार्यांच्या नवव्या शतकातल्या ‘गणितसारसंग्रहा’त असंच सुंदर उदाहरण आहे: ९ महाळुंगं (लिंबाच्या जातीची मोठी फळं) आणि ७ कवठं यांची किंमत १०७, तर ७ महाळुंगं आणि ९ कवठं यांची १०१. दोन्हींची बेरीज केली की १६ महाळुंगं आणि १६ कवठं २०८ ला, म्हणजे एकेकाची जोडी १३ ला. वजाबाकी केली की दोन महाळुंगं दोन कवठांपेक्षा ६ ने महाग, म्हणजे एकामागे ३ चा फरक. बेरीज १३, फरक ३: महाळुंग ८, कवठ ५. चार ओळींत काम झालं.

आणि उत्तर निघतच नसेल तर दोन्ही ओळींतले सहगुणक तिरपे गुणून पाहा. आपल्या उदाहरणात ४ × ५ − ३ × ३ = ११; वर य ला भागणारा ११ तो हाच. हा फरक शून्य आला, की दुसऱ्या ओळीने नवीन काही सांगितलेलं नसतं किंवा ती पहिलीला खोडून काढत असते. ६ वह्या आणि १० पेनं ३३० रुपयांना म्हणजे पहिलीच खरेदी दुप्पट. क्ष-यच्या अगणित जोड्या चालतील. तेच ३४० रुपयांना म्हटलं, तर दर तोच ठेवून एकही जोडी चालणार नाही.