तुम्ही विचारलंत म्हणून : ‘तत्त्वतः मान्य’

रत्नागिरीला आलेल्या पाहुण्यांना मी थिबा राजवाडा दाखवायला नेतेच. जांभ्याच्या भिंती, लाकडी नक्षीच्या अर्धवर्तुळाकार खिडक्या पाहून झाल्या की कुणीतरी विचारतं, “काय हो, ब्रह्मदेशातलं, म्हणजे आजच्या म्यानमारमधलं, सरकार आणि डोंगरातल्या लोकांचं भांडण मिटत का नाही?”

मी त्या राजवाड्यापासूनच सुरुवात करते. 1885 मध्ये इंग्रजांनी ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा याचं राज्य घेतलं आणि त्याला पुढे इथे आणून ठेवलं. मैदानी मुलखावर त्यांनी थेट अंमल बसवला. डोंगरातल्या शान संस्थानिकांना मात्र गादीवर राहू दिलं, काचिन आणि चिन टेकड्यांचा कारभारही वेगळाच ठेवला. साठ वर्षं एका देशात दोन कारभार चालले. त्यामुळे इंग्रज जायला निघाले तेव्हा डोंगरातल्या लोकांना धास्ती वाटली, आता मैदानातले बहुसंख्य बर्मी लोक आपल्यावर राज्य करणार.

ती धास्ती घालवायला बर्मी स्वातंत्र्यलढ्याचे पुढारी आँग सान शान मुलखातल्या पांगलाँग गावी गेले. 12 फेब्रुवारी 1947 ला शान, काचिन, चिन पुढाऱ्यांसह 23 जणांनी सह्या केल्या. दुसऱ्या दिवशी आँग सान यांना 32 वर्षं पूर्ण होणार होती. नऊ कलमांतलं पाचवं मला पाठ आहे: सरहद्दीवरच्या प्रदेशांना अंतर्गत कारभारात पूर्ण स्वायत्तता तत्त्वतः मान्य. ‘तत्त्वतः’! हा शब्द आपणही सरकारी कागदांवर वाचतो. तपशील नंतर ठरायचा असतो, तोवर समोरच्या माणसावर भरवसा ठेवायचा. डोंगरातल्या लोकांनी आँग सानवर ठेवला. पाच महिन्यांनी, 19 जुलैला, आँग सान यांना गोळ्या घातल्या गेल्या.

पुढे राज्यघटनेत राज्यं आली, शान आणि करेन्नी राज्यांना दहा वर्षांनंतर फुटून निघायचा हक्कही आला, पण खरी सत्ता राजधानी रंगूनमध्येच राहिली. पांगलाँगला नुसते निरीक्षक म्हणून आलेल्या करेन या आणखी एका समाजाच्या लोकांनी 1949 मध्ये शस्त्रं उचलली, 1961 मध्ये काचिनांनी. 1962 मध्ये लष्कराने सत्ता बळकावली. पांगलाँगला सही केलेले शान संस्थानिक साओ श्वे थाइक देशाचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले होते. लष्कराने सत्ता घेतली त्या रात्री त्यांचा 17 वर्षांचा मुलगा मारला गेला, आणि त्याच वर्षी ते स्वतः तुरुंगात वारले.

स्वायत्तता दिली की देश फुटतो, असं पाहुण्यांपैकी कुणी म्हणालं तर मी तिथेच थांबवते. ब्रह्मदेशात ती दिलीच गेली नाही. 12 फेब्रुवारीला तिथे आजही संघदिनाची सुट्टी असते, आणि काचिन, चिन डोंगरांत लढाई चालूच आहे.