मॅकेन्झीचं चरित्र लिहिताना

आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकासाठी टोरांटोच्या इतिहासावर लेख हवा होता, आणि मी हो म्हणून बसलो. निवडला विल्यम लायन मॅकेन्झी. सनावळी सोपी होती: १७९५ मध्ये स्कॉटलंडात डंडीला जन्म, १८२० मध्ये कॅनडा, १८२४ मध्ये ‘कलोनियल ॲडव्होकेट’ हे वृत्तपत्र, १८३४ मध्ये शहराचा पहिला महापौर. पण त्यातून माणूस काही दिसेना. पेशाने मी हिशेबनीस. म्हटलं, पैशाचा माग काढू.

तिथे गाठ सुटली. १८२६ च्या मे महिन्यात हा गृहस्थ देणेकऱ्यांच्या भीतीने सीमेपलीकडे लुइस्टनला जाऊन राहिला होता. पेपर डबघाईला आलेला. तरी जाता जाता त्याने सत्ताधारी घराण्यांच्या पूर्वजांची यथेच्छ टिंगल छापली होती (काही मजकूर खरंच खालच्या पातळीचा आहे, हे त्याच्या भक्तांनीही मान्य करावं). ८ जूनला त्या घराण्यांतली तरुण पोरं दिवसाढवळ्या त्याच्या छापखान्यात घुसली, यंत्र मोडलं, आणि छपाईच्या अक्षरांचे खिळे नेऊन सरोवरात फेकले. मॅकेन्झीने दावा लावला. ज्यूरीने ६२५ पौंड भरपाई दिली. कर्ज फिटलं, पेपर वाचला, आणि वर सहानुभूती फुकट! १८२८ मध्ये तो प्रांताच्या विधानसभेवर निवडून आला. त्याला राजकारणात आणलं ते विरोधकांनीच, असं माझं मत झालं, आणि लेखाला कणा मिळाला. बॉण्ड स्ट्रीटवरच्या त्याच्या घरी आता संग्रहालय आहे, तिथे जुन्या पद्धतीचा छापखाना मांडलाय. ते चिमुकले खिळे पाहिल्यावर, एकेक करून ओळी जुळवणाऱ्याचं काय झालं असेल ते कळतं.

पुढचं भराभर उरकलं. सभागृहातून त्याची हकालपट्टी, पुन्हा निवड, पुन्हा हकालपट्टी. २ जानेवारी १८३२ च्या निवडणुकीत त्याला ११९ मतं, विरोधात एक. मतदारांनी सोन्याचं पदक दिलं. चारच दिवसांनी, ६ जानेवारीला, मुंबईत बाळशास्त्री जांभेकरांचं ‘दर्पण’ निघालं. दोघांचा एकमेकांशी काही संबंध नाही, पण मराठी वाचकाला काळ चटकन कळावा म्हणून मी ते वाक्य ठेवलंच.

अडलो ते १८३७ च्या बंडापाशी. सुधारणा होत नाहीत म्हणून डिसेंबरात माणसं हत्यारं घेऊन माँटगोमेरीच्या खाणावळीत जमली, ७ तारखेला पळाली. मॅकेन्झीवर हजार पौंडांचं इनाम लागलं. तो अमेरिकेत निसटला. लाउंट आणि मॅथ्यूज हे त्याचे साथीदार मात्र १८३८ मध्ये फासावर गेले. इथे नायक कसा उभा करायचा? शेवटी इनामाचा आकडा आणि ती दोन नावं एकाच परिच्छेदात ठेवली, शेरा मारला नाही.

माफी मिळाल्यावर १८५० मध्ये तो परतला, आणि पुढच्याच वर्षी हॅल्डिमंडच्या पोटनिवडणुकीत ‘ग्लोब’चा मालक जॉर्ज ब्राउन याला हरवलं. शब्दमर्यादा ओलांडते म्हणून संपादकांनी हा भाग काढायला सांगितला. दोन वृत्तपत्रवाल्यांची ही लढत मी कशी सोडणार? त्याऐवजी त्याचं बालपण काढून टाकलं.