दसरा आणि दिवाळी यांच्यामधले लग्न

२०२४ च्या ऑगस्टमध्ये उत्तर नागपुरातील एक मुलगी माझ्या कार्यालयात आली, तेव्हा तिच्या हातात दोनशे पानी वही होती आणि वहीच्या पहिल्याच पानावर लाल शाईने २,२५,००० हा आकडा लिहून त्याखाली दोन रेघा ओढलेल्या होत्या. ती एका खासगी प्रयोगशाळेत रक्ततपासणीचे काम करत होती, वडील गॅरेजमधील नोकरीतून निवृत्त झालेले होते आणि नवरदेव कामठीचा होता. खर्च दोन्ही घरांनी अर्धा-अर्धा करायचा असे ठरले होते आणि सोन्याचा हिशेब त्यांनी वेगळा ठेवला होता. "ताई, याच्यावर एक रुपया गेला तर पप्पा पतसंस्थेतून कर्ज काढतील, आणि ते मला होऊ द्यायचं नाही," हे तिचे पहिले वाक्य होते.

मी अकरा वर्षे एका बिछायत केंद्रात, म्हणजे मंडप-बिछान्याचे सामान भाड्याने देणाऱ्या दुकानात, हिशेब लिहिले आणि त्यानंतर लग्नकार्यांच्या नियोजनाचे स्वतंत्र काम सुरू केले. त्या अनुभवावरून सांगते की, लग्नाचा खर्च प्रामुख्याने दोनच गोष्टींवर ठरतो: तारीख आणि माणसांची संख्या. बाकीच्या गोष्टींवर घासाघीस करून वाचते ते किरकोळ असते. लोक मात्र पत्रिकेच्या कागदावर तासभर वाद घालतात आणि पाहुण्यांच्या यादीवर पाच मिनिटे.

तारखेच्या बाबतीत या कुटुंबाची बाजू भक्कम होती. नागपुरातील बहुतेक हिंदू कुटुंबे चातुर्मासात लग्न करत नाहीत. त्या वर्षी कार्तिकी एकादशी १२ नोव्हेंबरला होती आणि तुळशीची लग्ने लागेपर्यंत शहरातील लॉन आणि सभागृहे ओस पडलेली असतात. त्यानंतर भाव असे चढतात की विचारायची सोय राहत नाही, आणि डिसेंबरमध्ये विधिमंडळाचे हिवाळी अधिवेशन आले की गाड्या आणि खोल्याही मिळत नाहीत. हे कुटुंब बौद्ध होते, त्यामुळे त्यांना मुहूर्ताचे बंधन नव्हते. दसऱ्याला आणि १४ ऑक्टोबरला दीक्षाभूमीवर देशभरातून लोक येतात, म्हणून ते दिवस टाळणे आवश्यक होते. शिवाय अश्विन पौर्णिमेला भिक्खूंचा वर्षावास, म्हणजे पावसाळ्यातला एका जागचा मुक्काम, संपतो, तेव्हा त्यानंतरची तारीख भन्तेजींनाही सोयीची होती. असे करत करत आम्ही रविवार, २० ऑक्टोबर या तारखेवर आलो. त्याच समाजभवनाचे भाडे नोव्हेंबरअखेर चाळीस हजार होते, ते आम्हाला अठरा हजारांत मिळाले.

उरलेला हिशेब तिच्या वहीत असा बसला: बिछायत आणि मंच २४,०००, जेवण माणशी २५० रुपये धरून तीनशे जणांचे ७५,०००, कपडे ४५,०००, छायाचित्रे १५,०००, प्रवास १२,०००, फुले ८,०००, पत्रिका ३,०००. शिल्लक राहिलेले २५,००० मी राखीव म्हणून लिहायला लावले, तेव्हा तिने नाखुशीने लिहिले.

सप्टेंबरमध्ये या वहीला पहिला धक्का बसला. १४ सप्टेंबरपासून केंद्र सरकारने कच्च्या खाद्यतेलावर २० टक्के आयातशुल्क लावले आणि पंधरा किलोच्या तेलाच्या डब्यामागे तीनशेच्या वर रुपये वाढले. आमच्या तीन डब्यांना फरक जेमतेम हजाराचाच पडत होता. परंतु त्या वहीत हजारही मोठा होता, म्हणून पुऱ्या रद्द करून वस्तीतील बचत गटाकडून पोळ्या करून घ्यायचे ठरले आणि जिलेबीऐवजी खीर आली. सुजाताने बुद्धांना ज्ञानप्राप्तीआधी दिलेल्या खिरीची आठवण असल्यामुळे ती कुणाला काटकसर वाटली नाही. खरा फटका मात्र दुसऱ्या बाजूने बसला. उमरेड तालुक्यातले तिचे काका सोयाबीन विकून चाळीस हजार देणार होते. तेल महाग झाले तरी सोयाबीनला त्याचा फायदा पोचला नव्हता. सरकारी हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता आणि बाजारात त्याखालीच व्यवहार होत होते, त्यातून परतीच्या पावसात भिजलेल्या मालात ओलावा १२ टक्क्यांच्या वर भरला की व्यापारी आणखी कापत. काकांनी पंचवीस हजार आणून दिले आणि उरलेल्या पंधरा हजारांबद्दल ते दोनदा दिलगीर झाले. राखीव रकमेतून ते पंधरा गेले, आणि कामठीहून येणारी दुसरी बस व एका साडीचा बदल यांत उरलेले दहाही गेले. लग्नाच्या दिवशी आमच्याकडे राखीव असे काहीच नव्हते. असे काम मी एरवी स्वीकारत नाही, आणि तेव्हाही स्वीकारायला नको होते.

फुलांनी मात्र साथ दिली. दसऱ्याच्या आदल्या दिवशी झेंडूला जो भाव येतो तो दसऱ्यानंतरच्या सकाळी कोसळतो, रस्त्याकडेला न विकलेले ढीग पडलेले असतात, आणि दिवाळीपूर्वी तो पुन्हा वर जातो. आमची तारीख नेमकी त्या खोलगट भागात होती. पहाटे साडेचारला मी सीताबर्डीच्या नेताजी मार्केटमध्ये उभी होते. पांढरी शेवंती, थोडा झेंडू आणि वधूवरांवर उधळण्यासाठी सुट्या पाकळ्या असा सगळा माल ५,६०० रुपयांत गाडीत भरला. त्या चोवीसशे रुपयांच्या बचतीने मी इतकी खूश झाले होते की परतताना टपरीवर थांबून दोन कप चहा प्यायले.

साडेआठ वाजता वधूचे वडील मला स्वयंपाकाच्या शेडमागे घेऊन गेले. त्यांनी नवा पांढरा सदरा घातला होता आणि ते माझ्याकडे न पाहता बोलत होते. "मॅडम, थोडे लोक जास्त येतील." मी विचारले, "किती, काका?" ते म्हणाले, "शंभर. सव्वाशे म्हणा." पत्रिका त्यांनी वाटल्या नव्हत्या, कारण मुलीने पत्रिका मोजून छापल्या होत्या, ते संध्याकाळी चालत जाऊन तोंडी आमंत्रण देत फिरले होते.

मी चिडले, आणि आवाजही चढवला. लग्नाच्या सकाळी वधूच्या बापावर आवाज चढवू नये हे मला कळते, तरी तो चढला. त्यावर त्यांनी खिशातून एक जुनी, रबर लावलेली डायरी काढली. तिच्यात गेल्या तीस वर्षांत ते ज्या ज्या घरी लग्नाला जेवले त्यांची नोंद होती: नाव, मोहल्ला, साल, आणि समोर दिलेला आहेर, कुठे अकरा रुपये, कुठे एकवीस, एके ठिकाणी स्टीलचा गंज, म्हणजे पातेले. "यांच्या पंगतीत जेवलो आहे जी. माझ्या घरचं पहिलं कार्य आहे. यांना नाही बोलावलं तर मी या रस्त्याने कसा चालू?" ते इतकेच म्हणाले. आमच्या वहीत तारीख होती, तेलाचा भाव होता, बसचे डिझेल होते. ही डायरी मात्र मी कुणाला विचारलीच नव्हती. यादी मी मुलीकडून घेतली होती आणि तीच घराची यादी आहे असे धरून चालले होते.

आचारी साठीचे होते आणि आमचे बोलणे त्यांनी झारा हातात धरून ऐकले होते. त्यांनी तयारीचा अंदाज घेतला. स्वयंपाक तीनशेवीस माणसांच्या हिशेबाने चढला होता. आणखी सव्वाशे माणसांना भाजी आणि पोळी पुरवणे त्या वेळेत शक्य नव्हते, परंतु माणशी शंभर ग्रॅम धरून बारा-तेरा किलो तांदूळ, चार-पाच किलो तुरीची डाळ आणि कढीसाठी ताक-बेसन मिळवणे शक्य होते. मग ते म्हणाले, "बुफे राहू द्या, मॅडम. पंगत बसवा. वाढणारा हात आपला असला की भांडं आपल्या ताब्यात राहते."

बुफेमध्ये माणूस रांगेत पुन्हा उभे राहायला लागू नये म्हणून एकदाच ताट भरून घेतो आणि त्यातले बरेचसे टाकतो. हे मी दर लग्नात पाहते, तरी बुफे स्वस्त पडतो असा माझा समज होता, कारण वाढप्यांची मजुरी वाचते. त्या दिवशी मजुरीचा प्रश्नच आला नाही. वधूच्या प्रयोगशाळेतील सहकारी, वस्तीतील मुले आणि कामठीच्या पहिल्या बसमधून उतरलेले नवरदेवाचे मित्र असे बावीस जण वाढायला उभे राहिले. आचाऱ्यांच्या पुतण्याने ओळखीच्या दुकानदाराला झोपेतून उठवून साडेचारशे पत्रावळी आणि द्रोण आणले, आणि किराणा उधारीवर आला. व्यावसायिक गॅसचे दोनच सिलिंडर भरलेले होते, त्यामुळे वाढीव भातासाठी मागच्या अंगणात विटांची चूल मांडली गेली.

साडेअकराला मंचावर भगवान बुद्ध आणि बाबासाहेबांच्या प्रतिमांना पुष्प अर्पण झाले, मेणबत्त्या लागल्या, त्रिशरण-पंचशील झाले, वधू-वरांनी एकमेकांना दिलेली प्रत्येकी पाच वचने भन्तेजींनी सावकाश म्हणवून घेतली आणि पाकळ्या उधळल्या गेल्या. या विधीला फार वेळ लागत नाही, आणि एरवी मला ते सोयीचे वाटते. त्या दिवशी मात्र आणखी अर्धा तास चालला असता तर बरे झाले असते, कारण चुलीवरचा भात शिजायचा होता.

पहिली पंगत एक वाजता बसली, ऐंशी पानांची. वाढण्याचा क्रम आचाऱ्यांनी बदलला होता: आधी वाफाळता भात आणि वरण, मग कढी, भूक थोडी शमल्यावर पोळी आणि आलू-वांग्याची भाजी. भात, वरण आणि कढी कितीही वाढायची, पोळी दोन वेळा विचारायची, भाजी एकदाच, आणि खिरीचे पातेले दुसऱ्या कुणाच्या हातात द्यायचे नाही. खीर त्यांनी स्वतः वाढली, द्रोण अर्ध्याहून किंचित वर भरून, प्रत्येकाला नावाने किंवा 'काका', 'मावशी' म्हणून. अर्धा द्रोण मिळाला असे वाटून कुणी तोंड वाकडे केल्याचे मी पाहिले नाही. डायरीतली माणसे बहुतेक दुसऱ्या आणि तिसऱ्या पंगतीत होती. वधूचे वडील पानांमधून वाकून फिरत होते, प्रत्येकासमोर थांबत होते, आणि दोन वृद्ध बायांनी त्यांना हात धरून आपल्याशेजारी खाली बसवून घेतले.

मी दाराशी उभी राहून पत्रावळी मोजत होते, कारण त्या दिवशी पानांची संख्या हीच खरी यादी होती. पाचव्या पंगतीनंतर आकडा ४०३ झाला. सहावी पंगत घरच्यांची आणि वाढणाऱ्यांची, तेहतीस पानांची. तोवर भाजी संपली होती, पोळी प्रत्येकी एक निघाली, आणि खीर फक्त वधू-वरांना मिळाली. आम्ही कढी-भात जेवलो. वडिलांच्या शेजारी मी बसले होते. सकाळच्या आवाजाबद्दल मी काही बोलणार, तेवढ्यात त्यांनी वाढणाऱ्या मुलाला हाक मारून माझ्या भातावर आणखी कढी घालायला लावली.

मंगळवारी मुलगी वही घेऊन माझ्या कार्यालयात आली. किराणा, पत्रावळी आणि जळाऊ लाकडे मिळून वरचा खर्च ८,२४० रुपये झाला होता. फुलांतले चोवीसशे आणि बुफेची न वापरलेली ताटे परत केल्याचे पंधराशे वजा जाता ४,३४० रुपये तिच्या दोन रेघांच्या पलीकडे गेले होते. किराणा दुकानदाराने दिवाळीपर्यंत थांबायचे कबूल केले होते. वडिलांनी कर्जाचा अर्ज आणला होता का, असे मी विचारले, तेव्हा तो आणला होता आणि कपाटात तसाच कोरा आहे असे तिने सांगितले. मग तिने निळे पेन मागून घेतले, जेवणाच्या पानावर शेवटच्या नोंदीखाली एक नवी ओळ लिहिली आणि वही माझ्याकडे फिरवली. तिथे लिहिले होते: 'पप्पांची डायरी – ४,३४०'.